हसण्याच्या खोलीतला स्टूल

मित्रांनो, मी एक जुना, उंच, लाकडी स्टूल आहे. दारांच्या चौकटींतून उरलेल्या लाकडातून एका सुताराने मला घडवले आणि औषधाच्या दुकानात दिले. वरच्या फळीवरच्या बाटल्या काढायला दुकानदार माझ्यावर चढत असे. मी कधी हललो नाही, म्हणून तो माझे कौतुकही करी. पुढे दुकानात नवी कपाटे आली आणि मी दाराबाहेर, उन्हात आलो. तिथे माझा एक पाय सैल झाला.

तिथून मला एका उपाहारगृहाच्या मालकाने उचलले. त्याच्या मागच्या खोलीत दर शुक्रवारी संध्याकाळी स्टँड-अप कॉमेडी चाले. म्हणजे एकाने माइकपुढे उभे राहून बोलायचे आणि बाकीच्यांनी खुर्च्यांवर बसून हसायचे. माझे काम सोपे होते. डोक्यावर पाण्याचा ग्लास घेऊन माइकशेजारी उभे राहायचे आणि तो सांडू द्यायचा नाही.

बायको, रहदारी, साहेब यांवरचे विनोद ऐकून ऐकून मला पाठ झाले होते. मग ती आली. ती एका इस्पितळात टेलिफोन ऑपरेटर होती. तिला जन्मापासून दिसत नव्हते. तिचा थोरला भाऊ तिला मंचापर्यंत सोडी आणि मागच्या रांगेत जाऊन बसे. ती हात पुढे करून मला शोधी. मी सापडलो की माइक कुठे आहे आणि लोक कोणत्या बाजूला आहेत, हे तिला कळे. मग माझ्यावर हात टेकून ती बोलू लागे.

"मला बघायला पाच स्थळं आली," ती सांगे. "मी एकालाही बघितलं नाही. तरी नकार त्यांनीच दिला. मावशी म्हणाली, तुझ्याकडे बघवत नाही गं. मी म्हटलं, मावशी, माझंही तसंच आहे."

लोक आधी इकडेतिकडे बघत. हसावे की नाही, हे त्यांना ठरवता येत नसे. मग कुणीतरी फिस्सकन हसे आणि सगळी खोली हसत सुटे. पण सगळ्यांनाच ते रुचले नाही. पहिल्या रांगेतले एक गृहस्थ तिच्या वतीने दुखावले गेले आणि हे शोभत नाही, असे त्यांनी मालकाला बजावले. मालक घाबरला. त्याने तिला रहदारीवर बोलायला सुचवले. ती म्हणाली की रहदारीतले आपल्याला फारसे दिसत नाही, जे ठाऊक आहे त्यावरच आपण बोलतो. मालकाला हसू आले आणि तो विषय तिथेच मिटला.

एका शुक्रवारी तिच्या भावाबरोबर त्याची बायकोही आली. त्यांचे लग्न नुकतेच झाले होते. खोली गच्च भरलेली असल्याने दोघांना रांगेच्या मधल्या खुर्च्या मिळाल्या. त्या दिवशी माझ्यावर टेकलेला तिचा हात गार होता.

"दादाचं लग्न ठरत होतं," ती म्हणाली. "मुलीकडची माणसं घर बघायला येणार होती. आमच्याकडे झाकपाक सुरू झाली. ओल आलेल्या भिंतीपुढे कपाट सरकवलं. फाटक्या सोफ्यावर चादर टाकली. मग सगळ्यांच्या लक्षात आलं, अजून मी उरलेय. मला शेजारी पाठवलं. टीव्ही बघायला."

खोली खो खो हसली. ती थांबली. हसणे ओसरल्यावर म्हणाली, "टीव्हीचा आवाज मोठा करून ठेवला होता. तरी भिंतीपलीकडून आईचं बोलणं ऐकू आलं, की आमची मुलगी परगावी असते. मला दिसत नाही, हे घरात सगळ्यांना माहीत होतं. मी दिसत नाही, हे कुणाच्या लक्षातच आलं नाही."

कुणी हसले नाही. टाळ्याही उशिरा, बिचकत वाजल्या. वहिनी वळून नवऱ्याकडे बघत होती. नणंद नोकरीसाठी परगावी गेली आहे, असेच तिला तेव्हा सांगितले होते.

लोक गेल्यावर भाऊ मंचावर आला.

"हे घरी का नाही बोललीस?"

"घरी काढलं की तू उठून जातोस, दादा. इथे तू रांगेच्या मधोमध होतास."

त्याने माझ्यावरचा ग्लास खाली ठेवला आणि तो माझ्यावर बसला. म्हणाला, "तुला शेजारी सोडताना टीव्हीचा आवाज मी मोठा केला होता."

"माहीत आहे," ती म्हणाली. "आपल्या घरी काय, शेजारी काय, रिमोट कायम तुझ्याकडेच असायचा."

तेवढ्यात वहिनी जवळ आली. हात देऊ की नुसती शेजारून चालू, असे तिने नणंदेला विचारले. हे तिला आजवर कुणी विचारले नव्हते. तिने वहिनीचा दंड धरला आणि त्या दोघी पुढे निघाल्या. भाऊ मागून गेला. पुढचे काही शुक्रवार तो तिला सोडून बाहेर रस्त्यावरच थांबला. मग एकदा आत आला आणि पहिल्या रांगेत बसला. आई मात्र कधीच आली नाही.

काही वर्षांनी मालकाने लोखंडी स्टूल आणला आणि मला रिकाम्या खोक्यांखाली टाकले. माझ्यावर धूळ साचली, पाय आणखी खिळखिळा झाला. वहिनीने मालकाकडे माझी चौकशी केली नसती, तर मी सरपणात गेलो असतो. भावाने गोंद लावून, खिळा ठोकून माझा पाय बसवला. आता मी त्यांच्या बाहेरच्या खोलीत असतो.

परवा भाऊ-वहिनीच्या तान्ह्या मुलीला बघायला पाहुणे आले. पाहुण्यांची चाहूल लागताच भावाच्या आईने सवयीने त्याच्या बहिणीला आतल्या खोलीकडे वळवले. भावाने मला पुढे ओढले आणि बहिणीला माझ्यावर बसवले.

"ही माझी बहीण," तो पाहुण्यांना म्हणाला. "जरा जपून बोला. नाहीतर पुढच्या शुक्रवारी तुम्ही हिच्या विनोदात असाल."

पाहुणे हसले. आई दारातच उभी होती. थोड्या वेळाने ती पाण्याचा ट्रे घेऊन बाहेर आली आणि तिने पहिला ग्लास लेकीच्या हातात दिला.

मित्रांनो, एखाद्या स्टुलाचा पाय हलू लागला, तर त्याला अडगळीत टाकू नका. गोंद आणि एक खिळा पुरतो. आणि घरी पाहुणे आले, तर घरात आहेत तेवढी सगळी माणसे बाहेर बसू द्या. बसायला जागा कमी पडली, तर माझ्यासारखा एखादा स्टूल पुढे ओढा.