सांगाड्यांचा कोंडवाडा

पुतळाबाईचा हट्ट अख्ख्या अंजूर गावाला ठाऊक होता. तरी वयाच्या बासष्टाव्या वर्षी ती एका खेळावरून इरेला पेटेल, असं कुणाच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

झालं असं. मागच्या वर्षी मोरीत पाय घसरून ती पडली आणि दोन महिने प्लास्टरमध्ये अडकली. पडल्या पडल्या तिने घरादाराला सळो की पळो करून सोडलं, तेव्हा नात भाविकाने तिच्या हातात टॅब दिला. त्यात ठोकळ्यांचा खेळ होता. ठोकळे फोडायचे, ठोकळे रचायचे, घर बांधायचं, शेत करायचं. भाविकाने आणि तिच्या चुलत भावंडांनी मिळून त्यात एक गावच वसवलं होतं. त्या गावातल्या देवळामागची तीस ठोकळे लांब, तीस ठोकळे रुंद जागा त्यांनी आजीला दिली. तिथे उगवायचा तो गहू, पण पुतळाबाई त्याला भात म्हणायची आणि तिच्याशी वाद घालायची कुणाची टाप नव्हती.

पहिल्यांदा तासाभरात पीक तयार झालं तेव्हा ती भडकलीच. "तासाभरात भात? ही काय शेती हाय? असलं खोटं मला न्हाय पायजे." तिने असा काही तगादा लावला, की भाविकाने खेळात आकडा बदलून सगळ्यांच्याच पिकाची चाल मंद केली. आता दाणा भरायला चांगला महिना-सव्वा महिना लागायचा. पुतळाबाईचं समाधान झालं. पुढे हेच तिच्या गळ्याशी येणार होतं.

प्लास्टर निघालं आणि ती लेकीच्या बाळंतपणाला पडघ्याला गेली. तिथून परतली त्या सोमवारी खेळणाऱ्यांच्या ग्रुपवर दीपेशचा निरोप आला. दीपेश म्हणजे तिच्या थोरल्या दिराचा नातू, सव्वीस वर्षांचा, गोडाऊनमध्ये फोर्कलिफ्ट चालवणारा. त्याने लिहिलं होतं, "देवळामागची जागा महिनाभर रिकामी पडलीय. मी तिथे गोडाऊन बांधतो."

नियम सगळ्यांनी मिळून केलेला होता. महिनाभर पडीक राहिलेली जागा मागणाऱ्याला मिळणार. मूळ मालकाने येत्या रविवारी संध्याकाळी सातपर्यंत ती काठोकाठ पिकवून दाखवली, तरच ती त्याची राहणार.

पुतळाबाईने टॅब खाली ठेवला आणि खिडकीबाहेर पाहिलं. समोर निळ्या पत्र्याचं गोडाऊन होतं. नऊ वर्षांपूर्वी तिथे तिचं भाताचं शेत होतं. नवऱ्याने आणि दिरांनी जमीन विकायच्या कागदांवर सह्या केल्या आणि तिला विचारलं ते सह्या झाल्यावर. त्या दिवशी ती काही बोलली नव्हती, आणि ते न बोलणं तिला अजून डाचत होतं.

"या वेळी न्हाय," ती म्हणाली. "खेळात तरी न्हाय."

"आजी, मी पिकाची चाल पुन्हा वाढवू का?" भाविकाने विचारलं.

"मीच मंद करायला लावली ना? मग आता कुठल्या तोंडाने वाढवायची?"

मग राहता राहिला एकच उपाय, हाडांची पूड. रोपावर चिमूटभर टाकली की ते तरारून वर येतं. एका हाडाची तीन चिमूट पूड होते आणि एका रोपाला साधारण तेवढीच लागते. म्हणजे नऊशे रोपांना नऊशे हाडं. हाडं मिळतात सांगाड्यांकडून आणि सांगाडे उगवतात अंधारात. भाविकाने कागदावर आकृती काढून दिली. उंच काळोखी खोली बांधायची, आत उजेडाचा ठिपका येऊ द्यायचा नाही. सांगाडे आत उगवतात, पाण्याच्या धारेने ढकलले जाऊन खड्ड्यात पडून मरतात आणि हाडं आपोआप पेटीत जमा होतात. पुतळाबाईने तिला लगेच नाव दिलं, कोंडवाडा.

मंगळवारी रात्रीपर्यंत पेरणी उरकली आणि कोंडवाडा उभा राहिला. बुधवारी सकाळपासून पुतळाबाई त्याला टेकून उभी राहिली, म्हणजे टॅबमधली तिची बाहुली. दुपारी पेटी उघडली तर आत एकही हाड नव्हतं.

"तू जवळ उभी आहेस ना, म्हणून," भाविका म्हणाली. "माणसापासून चोवीस ठोकळ्यांच्या आत ते उगवतच नाहीत."

"मालक जवळ असला की पिकत न्हाय?" पुतळाबाईला हे पटेचना. चाळीस वर्षं बांधावर उभी राहून तिने शेत केलं होतं. "मग जाते घरी."

"तसंही नाही. एकशे अठ्ठावीसच्या पलीकडे गेलीस की उगवलेलेही गायब होतात."

पुतळाबाईने कागदावरची आकृती पुन्हा पाहिली. मग तिला तिचे वडील आठवले. रानडुकरं मारायला ते शेतात नाही बसायचे, लांबवर माळा बांधून त्यावर बसायचे. शेतात माणसाचा वास आला की डुक्कर फिरकत नाही आणि घरी जाऊन झोपलं तर शिकार हाती लागत नाही. तिने कोंडवाड्यापासून पन्नास ठोकळ्यांच्या अंतरावर बांबूंचा उंच माळा बांधला आणि त्यावर जाऊन उभी राहिली.

गुरुवारी पेटीत एकतीस हाडं निघाली. या हिशेबाने रविवारपर्यंत शेताचा एक कोपराही भरला नसता.

"खाली गुहा आहेत गं," भाविका हळूच म्हणाली. ती राहनाळच्या ऑफिसात कॉम्प्युटरवर बसायची आणि जेवणाच्या सुट्टीत फोन करायची. "तुझ्या आसपास एकूण किती सांगाडे-भुतं असावीत त्याला मर्यादा आहे. तेवढी गुहांमधल्या अंधारात उभी राहिली, की कोंडवाड्यात नवीन येत नाहीत."

हे मात्र पुतळाबाईला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. खाडीकाठच्या बांधाला चिंबोऱ्या, म्हणजे खेकडे, भोकं पाडतात. वरून कितीही पाणी सोडा, भोकं बुजवली नाहीत तर ते शेतात ठरत नाही. "म्हणजे भोकं बुजवायची," ती म्हणाली, आणि मशालींनी पिशवी भरून गुहेत उतरली.

शुक्रवार आणि शनिवार तिने त्या गुहांमध्ये काढले. जिथे काळोख दिसेल तिथे मशाल लावायची. सांगाड्यांनी तिला बाणांनी टिपलं, एका हिरव्या भुताने स्फोटात उडवलं, एकदा ती तापलेल्या लाव्हारसात पडली. ती अकरा वेळा मेली. प्रत्येक वेळी "मुडद्या!" म्हणत पुन्हा उठली आणि पुन्हा उतरली. सुनेने दोनदा जेवायला हाक मारली, तिसऱ्यांदा ताट आणून समोर ठेवलं. शनिवारी संध्याकाळी शेवटची गुहा उजळली. ती माळ्यावर चढली आणि कोंडवाड्यात हाडं अशी पडायला लागली, की तिला आनंदाने रडूच आलं.

रविवारी दुपारी दोनला सहाशे चाळीस रोपं पिवळी झाली होती. अडीचला हाडं थांबली.

तिने माळ्यावरून नजर फिरवली. कोंडवाड्याच्या भिंतीला टेकून एक लाल शर्टातली बाहुली आरामात उभी होती. दीपेश. तिने त्याला फोन लावला.

"तिकडून हल की रे! तू उभा हायस म्हणून सांगाडे येत न्हायत."

"माहितेय, आजे." तो खुशीत हसला. "उभं राहू नये असा नियम आहे का? दाखव मला."

नियम नव्हता. पुतळाबाईच्या ओठांवर दोन-चार अस्सल शिव्या आल्या, पण तिने त्या गिळल्या. सकाळीच मासे विकणारा दामू खाडीवरून जिवंत चिंबोऱ्या देऊन गेला होता, त्या स्वयंपाकघरात टोपात खडबडत होत्या. तिचा आवाज एकदम मऊ झाला.

"जाऊ दे. हरले समज. जेवलास का? चिंबोऱ्यांचं कालवण करते, ये."

दीपेशने लगेच विचारलं, "भाकऱ्या तांदळाच्या?"

"मग काय गव्हाच्या करू तुला?"

साडेचारला दीपेश हजर झाला. बाहुली कोंडवाड्याजवळ उभीच ठेवून त्याने फोन शेजारी ठेवला होता. पण त्या खेळात बराच वेळ हात लावला नाही, की माणूस आपोआप बाहेर फेकला जातो आणि चिंबोरी काही एका हाताने खाता येत नाही. कवच फोडायचं, नांग्या चावायच्या, आतलं मांस चोखून काढायचं. दोन्ही हात कोपरापर्यंत रश्शाने माखतात. पंधराव्या मिनिटाला दीपेशच्या फोनचा पडदा काळा झाला. त्याने बघितलं, बोटं बघितली, आणि पुढची नांगी उचलली.

पुतळाबाई त्याला आग्रहाने वाढत होती. तांदळाच्या डब्याला टेकवलेल्या टॅबमध्ये तिची बाहुली माळ्यावर उभी होती. मधेच पदराला हात पुसून ती पडद्याला बोट लावायची, पेटीतली हाडं नेऊन रोपांना पूड घालायची, माळ्यावर परतायची आणि पुन्हा वाढायला यायची. दीपेशने सहा चिंबोऱ्या खाल्ल्या.

हात धुऊन तो आला तेव्हा साडेसहा झाले होते. टॅबवर नजर पडताच त्याने कपाळावर हात मारला.

"म्हातारे! जेवायला बोलावून लुटलंस मला?"

"लुटलं," पुतळाबाई म्हणाली. "पण अजून चाळीस रोपं राहिलीत. तू आता परत जाऊन उभा राहिलास तर मी हरले. मग कर तुझं गोडाऊन."

दीपेशने फोन उचलला. त्याला मनापासून नवल वाटत होतं. "आजे, खरं सांग. एवढ्याशा खेळातल्या जागेसाठी इतका जीव का टाकतेस?"

पुतळाबाईने खिडकीकडे बोट केलं. "तू कामाला कुठे जातोस?"

"हे काय, समोर."

"गाडी कुठे लावतोस तुझी?"

"तीन नंबरच्या दरवाज्यात."

"तिथे माझी रोपं असायची. लावणीला सगळ्या शेतात तिथूनच रोपांच्या मुठी जायच्या." ती म्हणाली. "त्या वेळी मला कुणी आठ दिवस दिले न्हाईत, दीपेश. एक दिवससुद्धा दिला न्हाय. दिले असते तर मी असंच केलं असतं."

 दीपेश रोज सकाळी आठला त्या दरवाज्यातून आत जात असे. त्याने खिडकीबाहेर त्या दरवाज्याकडे पाहिलं. मग त्याने खेळ उघडला. लाल शर्टातली बाहुली कोंडवाड्याजवळ उभी राहिली. मग ती वळली, बांधावरून चालत गेली आणि माळ्यावर चढून पुतळाबाईच्या बाहुलीशेजारी उभी राहिली.

"एवढं लांब पुरे ना?" त्याने विचारलं.

"पुरे."

हाडं पडायला लागली. सातला चार मिनिटं कमी असताना शेवटच्या रोपाला पूड पडली आणि देवळामागची जागा या बांधापासून त्या बांधापर्यंत पिवळी झाली. दीपेशने ग्रुपवर लिहिलं, "जागा आजीची."

पुतळाबाईने डोळे पुसले. मग चष्मा लावून तिने पुन्हा एकदा सगळं शेत नीट न्याहाळलं.

"उद्या ड्युटी सुटली की ये," ती म्हणाली. "कापणीला माणूस लागेल."