तिखट, शिट्टी, गोफण

बीबीच्या शिवारात त्या साली ज्वारी अशी भरली होती, की सुरुवात कुठून करावी हे पाखरांनाही कळत नव्हतं. महाराष्ट्र राज्य होऊन दोन वर्षं झाली होती आणि तानुबाईचा नवरा जाऊन तीन. मागे राहिलेलं चार एकर रान तिनं एकटीनं पिकवलं होतं आणि ते सोडायची तिची अजिबात तयारी नव्हती. धाकटा दीर वामनराव मात्र ते येत्या पाडव्यापासून आपल्याकडे घ्यायला केव्हाचा टपला होता. माणूस वाईट नव्हता. फक्त दुसऱ्याचं भलं करायला निघाला की त्याला आधी आपला बांध दिसायचा.

निमित्त गुलाबरावानं पुरवलं. हा बड्या घरचा रिकामटेकडा. लोणारला मामाच्या दुकानात गादीवर बसून वाढलेला, शेताशी संबंध फक्त हुरडा खाण्यापुरता. तो पाणी मागायला म्हणून तानुबाईच्या रानात येऊ लागला. पाणी पिऊन झालं तरी हलेना. तिसऱ्या दिवशी त्यानं तिचा हात धरला. तिनं हिसडा देऊन सोडवला आणि संध्याकाळी दिराच्या कानावर घातलं.

वामनरावानं बराच वेळ सुपारी कातरली.

"बोभाटा करू नका, वयनी. बाईमानसानं गप राहावं. अब्रू आपलीच जाते. एकटीनं रान राखनं होत नसंन, तं पाडव्यापासून मी पाहातो."

"होते मले," तानुबाई म्हणाली.

"मंग काहीतरी हत्यार ठेवा जवळ. जिवानिशी मारनारं नोको, फौजदारी होईन. जरासं झोंबनारं."

आधी त्यानं तिखटाची पुडी दिली आणि परीक्षा घ्यायला अंगणात स्वतःच चोर होऊन आला. तानुबाईनं मूठ फेकली. वारा चोराच्या बाजूनं होता. शेवटी चोरानंच रांजणातलं पाणी आणून तिचे डोळे धुतले.

मग बाजारातून शिट्टी आली. ती वाजवताच पलीकडच्या शाळेतली पोरं बाहेर येऊन रांगेत उभी राहिली. ही शिट्टी पुन्हा वाजवू नये, अशी गुरुजींनी जातीनं येऊन विनंती केली.

उरली गोफण. ती तानुबाईला कोणी शिकवायची गरज नव्हती. तिनं पन्नास पावलांवरून मातीच्या गोळ्यानं वामनरावाचा पटका उडवला.

"हे बराबर हाये," वामनराव पटका झटकत म्हणाला. त्याला फारसा आनंद झालेला दिसला नाही.

त्या शिवाराची एक रीत होती. ज्वारी राखणारी बाई रानात खांबांवर बांधलेल्या उंच माळ्यावर उभी राहून 'हाऽ होऽ' अशी हाळी देते. तिची हाळी संपली की पुढच्या रानातली उचलते, मग त्याच्या पुढची. तानुबाईच्या एका अंगाला सोजराबाईचं रान, दुसऱ्या अंगाला मंजुळाबाईचं. दिवसभर हा आवाज शिवारात फिरत असतो आणि कोणाचंही त्याच्याकडे लक्ष नसतं. लक्ष जातं ते एखादीची हाळी आली नाही तर. मग साप तरी चावला असेल नाहीतर भोवळ तरी आली असेल, असं धरून बाकीच्या हातातलं टाकून धावतात.

गुलाबराव भर दुपारी आला तो थेट शिडी चढूनच. पन्नास पावलांचं हत्यार हातभर अंतरावर नुसती दोरी असते. त्यानं गोफण हिसकून खाली फेकली. तिखटाची पुडी कमरेला होती, पण तिची गाठ घामानं आवळून बसली होती. शिट्टी घरी खुंटीवर.  तानुबाई खरोखर भ्याली.

"आवाज काढशीन तं पाहाय," गुलाबराव म्हणाला.

तेवढ्यात सोजराबाईची हाळी आली आणि संपली. आता तानुबाईची होती. तिनं दातावर दात धरले.

"हाव, अशीच गप राह्य," गुलाबराव खूश झाला.

सोजराबाईची हाळी पुन्हा आली, या वेळी आखूड. तानुबाई गप्पच. मग मंजुळाबाईची आली. मग कोणाचीच नाही. सगळं शिवार गप्प झालं आणि पाखरं निवांत ज्वारीवर उतरली. गुलाबरावालाही ती शांतता मानवली. तो टोपी काढून बाजूला ठेवायला वाकला, तशी तानुबाईनं खाली ज्वारीत उडी टाकली. पाय मुरगळला. तशाच पायानं तिनं शिडी ओढून आडवी केली.

मंजुळाबाई साप मारायला काठी घेऊन आली, सोजराबाई विळा घेऊन, मागे आणखी सात-आठ बाया. सगळ्यांनी वर पाहिलं.

"लय मोठा निंगाला वं," मंजुळाबाई म्हणाली.

"पानी प्याले आलो होतो," वरून गुलाबराव म्हणाला.

"माळ्यावर?" सोजराबाईनं विचारलं.

तेवढ्या वेळात पाखरांनी बरीच कणसं उष्टावली होती. ती भरपाई म्हणून दिवस मावळेपर्यंत रान गुलाबरावानं राखावं, असं बायांनी ठरवलं. त्याची हाळी थांबली की तानुबाई बांधावर बसल्या बसल्या मातीचा एक गोळा पाठवायची. आता अंतर बेताचं होतं.

माळ्यावर पुरुषाचा आवाज ऐकून वामनराव संध्याकाळी धावत आला. काय घडलं ते त्याला कळलं, आणि बघता बघता त्याच्या तोंडावरचा रंग उतरला.

"कोन्तं हत्यार कामी आलं, वयनी?"

"एकबी नाही."

"मंग तुमी केलं तरी काय?"

"तुमी सांगतलं तेच, भाऊजी," तानुबाई सुजलेला घोटा चोळत म्हणाली. "गप राह्यली."

पाडव्याचं बोलायला वामनरावानं तोंड उघडलं. मग त्यानं बांधावर बसलेल्या सगळ्या बायांकडे एकदा पाहिलं, आणि तोही गप राहिला.