पुन्हा एकदा, मनापासून

अभिमन्यू वर्षभरात आईशी जेवढं बोलला नव्हता, तेवढं पुण्याहून आलेल्या पूनमसमोर चहा निवायच्या आत बोलला. पूनम माहितीपट काढत होती. लग्न जमत नाही, मित्र तुटतात, मग पोरं मोबाइलवरच्या टोळ्यांत शिरून तमाम बायकांचा द्वेष कसा शिकतात, यावर. एमआयडीसीतलं काम सोडून खोलीत कोंडून घेतलेला अभिमन्यू तिला फारच पसंत पडला. इतका तो एकाही मुलीकडच्यांना पडला नव्हता.

त्याची आई सोजरबाई दाराआडून ऐकत होत्या. पोरगं बोलतंय, याचाच त्यांना आधी आनंद झाला.

"मस्त," पूनम म्हणाली. "ते 'धडा शिकवू' म्हणालास ना, तेवढं कॅमेऱ्यासमोर पुन्हा एकदा घेऊ. मनापासून."

पहिल्यांदा धडा सगळ्या बायकांना होता. दुसऱ्यांदा, नकार देणाऱ्या पोरींना. तिसऱ्यांदा अभिमन्यू खुर्चीत पुढं सरकला आणि त्याचा आवाज खाली आला.

"गल्लीतली अंकिता. मला न्हाय म्हणाली. नव्या पेठेत ती कामाला हाय ते दुकान आज बंद हाय. उद्या तिथनं सुटली की बघा."

कॅमेरावाल्यानं अंगठा वर केला.

सोजरबाई आत आल्या. "अभ्या, चेष्टा करतूस व्हय?"

तो नुसता हसला. ते हसू त्यांच्या ओळखीचं नव्हतं.

'पोरगं आजारी हाय' असं गल्लीला सांगत त्यांनी वर्ष काढलं होतं. आता त्यांनी अंकिताच्या आईला फोन लावला.

"बाळाबाई, अंकिताला उद्या एकटी सोडू नगा. धोका हाय तिला. माज्याच पोरापासनं."

"आई!" अभिमन्यू उठला तशी खुर्ची आडवी झाली.

"काकू," पूनम कुजबुजली, "स्पीकर लावून परत एकदा म्हणाल?"

सोजरबाईंनी स्पीकर लावला, पण पूनमसाठी नव्हे, पोरालाही ऐकू जावं म्हणून. पलीकडं कुजबूज झाली आणि अंकिताच बोलली.

"मावशी, त्याला द्या."

सोजरबाईंनी फोन पोराच्या तोंडासमोर धरला.

"बोल की." अंकिताचा आवाज कापत होता. "काय करनार हायेस, मला सांग."

हजारोंच्या टोळीत गर्जणारा अभिमन्यू इंगळी बघावी तसा फोनकडं बघत भिंतीला टेकला.

"उद्या आमी पोलिसात जातोय," अंकिता म्हणाली.

"उद्या कशाला? आत्ताच निगा," सोजरबाई म्हणाल्या. "मी येते संगं." मग वळून, "पूनमताई, तुमीबी चला. समदं तुमच्या कॅमेऱ्यात हाय की. साक्ष द्या."

पूनमनं त्या दिवशी पहिल्यांदाच कॅमेरा बंद करायला सांगितलं.