‘ठाम’ची भूमिका

अ‍ॅडव्होकेट कमलाकांत पांढरीपांडे यांनी वकिली सोडली तेव्हा अमरावतीच्या बाररूममध्ये थोडी हळहळ व्यक्त झाली, चहा झाला, आणि मग सगळे आपापल्या कामाला लागले. वकीलसाहेबांना मात्र काम उरलं नव्हतं. मतं उरली होती.

मतं पक्की होती. घरात मोठ्यांचा शब्द चालावा. पोरांनी मराठीत शिकावं. लग्नात डीजे नसावा. सरकारनं फुकट काही वाटू नये. आणि एखादी गोष्ट केवळ जुनी झाली म्हणून मोडीत काढू नये. ही सगळी मतं त्यांच्या पत्नी चारुशीलाबाई लग्न झाल्यापासून सकाळच्या चहासोबत ऐकत आल्या होत्या. आता कोर्ट नसल्यामुळे ती दुपारच्या आणि संध्याकाळच्या चहासोबतही ऐकावी लागू लागली. तेव्हा कुलदीप गावंडेला घरी बोलावण्याची कल्पना चारुशीलाबाईंचीच होती.

कुलदीप नांदगाव खंडेश्वरचा. लग्नांचं शूटिंग करायचा. दहा वर्षं नवरदेवाच्या मित्रांचे नागीन डान्स कापून-जोडून तो इतका वैतागला होता, की डीजेच्या विरोधात बोलणारा माणूस भेटल्यावर त्याला गहिवरून आलं. दोघांनी मिळून ‘ठाम’ नावाचं वेब पोर्टल आणि चॅनेल काढलं. खाली ओळ होती : ‘परंपरेचा अभिमान, कुणाचीही गुलामी नाही’. प्रत्येक भागाच्या सुरुवातीला वकीलसाहेब सांगत, “आम्ही कुठल्याही पक्षाचा पैसा घेत नाही.” ते अगदी खरं होतं. कुठल्याही पक्षानं अजून देऊ केला नव्हता.

बोलायचं वकीलसाहेबांनी आणि मथळे द्यायचे कुलदीपनं, अशी वाटणी ठरली. तिथंच थोडी गडबड होती. वकीलसाहेब शांतपणे म्हणत, “या विषयाचा साकल्यानं विचार व्हायला हवा.” आणि लोकांच्या मोबाइलवर त्यांचे डोळे मोठे केलेला फोटो, बाजूला लाल बाण आणि मथळा दिसे : ‘वकीलसाहेबांनी पुरोगाम्यांची पिसं काढली!’

“कुलदीप, मी कुणाची पिसं काढली?”

“सर, तुमचं साकल्यानं कोनी दाबत नाई. पिसं दाबते लोकं.”

लोक दाबत होते हे खरं. मालटेकडीवर सकाळी फिरायला येणारी मंडळी वकीलसाहेबांना थांबवून हात मिळवू लागली. अमेरिकेतून कुणी लिहिलं, की तुमच्यामुळे पोरांना संस्कार कळतात. विधानसभेच्या वेळी देवीदासभाऊ उभे राहिले, तेव्हा वकीलसाहेबांनी ‘आपल्या विचारांचा माणूस’ म्हणून त्यांच्यावर सलग तीन भाग केले. देवीदासभाऊ निवडून आले. त्यांना ते तीन भाग माहीत होते की नाही, हे कळायला मार्ग नव्हता.

मग एक दिवस पुंजाजींचा फोन आला.

पुंजाजी म्हणजे वकीलसाहेबांचे जुने पक्षकार. भातकुलीच्या पलीकडे त्यांचं गाव, आणि गावात महादेवाचं मंदिर. मंदिरापुढचा सभामंडप सागवानी, शंभर वर्षांहून जुना. “वकीलसाहेब, मंडप पाडून राहिले,” पुंजाजी म्हणाले. “सुशोभीकरण आलं म्हनते.”

वकीलसाहेब कुलदीपला घेऊन गेले. मंडपाचे खांब माणसाच्या कवेत मावत नव्हते आणि पाठ टेकून बसणाऱ्यांमुळे कमरेएवढ्या उंचीपर्यंत काळेभोर, गुळगुळीत झाले होते. एकही खिळा न ठोकता तुळया एकमेकींत बसवलेल्या. बाहेर मोठा फलक होता. फलकावर नव्या मंडपाचं चित्र होतं : सिमेंटचे खांब, ग्रॅनाइटची फरशी, फायबरची कमान. आणि कमानीहून मोठे देवीदासभाऊ.

“गावानं विरोध नाही केला?” वकीलसाहेबांनी विचारलं.

“आमदारानं आनलं म्हनल्यावर कोन नाई म्हनन?” पुंजाजी म्हणाले. “लोकायले ग्रॅनाइट आवडते. मलेच कसंतरी होते. माह्या बापानं इथं पोथी वाचली.”

वकीलसाहेबांना त्या रात्री झोप लागली नाही. आपल्या माणसाविरुद्ध कसं बोलायचं, हा प्रश्न होता. पण ‘ठाम’ हे नाव त्यांनी स्वतःच ठेवलं होतं. दुसऱ्या दिवशी ते कॅमेऱ्यासमोर बसले आणि आवाज न चढवता म्हणाले, “जुनं आहे म्हणून पाडा, हे आपण आजवर समोरच्यांकडून ऐकत होतो. आता आपलीच माणसं कुदळ घेऊन आली आहेत. परंपरा म्हणजे कमान नव्हे. परंपरा म्हणजे तो खांब, ज्याला आपल्या आजोबांची पाठ लागली होती. देवीदासभाऊंनी साकल्यानं विचार करावा.”

कुलदीपचा मथळा होता : ‘आमदाराचा मंदिरावर घाव! वकीलसाहेब भडकले!’

दोन दिवसांत तो भाग असा काही पसरला, की तेल्हाऱ्याहून चारुशीलाबाईंच्या बहिणीनं फोन करून विचारलं, “भाऊजींची तब्येत बरी आहे ना?” खाली प्रतिक्रियांचा पूर आला. ‘किती घेतले?’ ‘वकील फिरला.’ ‘याचा इतिहास तपासा.’ मालटेकडीवर वकीलसाहेब दिसले, की फिरणाऱ्यांच्या पायांत एकदम जोर येऊ लागला आणि सगळे झपाझप पुढे निघून जाऊ लागले. ज्यांची पिसं ‘ठाम’नं वर्षभर काढली होती, ती मंडळी मात्र हरखून गेली. ‘परंपरावाद्यांमध्येही एक प्रामाणिक आवाज’ असं लिहून त्यांनी वकीलसाहेबांची तीन वाक्यं कापली आणि सगळीकडे फिरवली. ‘साकल्यानं विचार करावा’ हे वाक्य त्यांनीही घेतलं नाही.

मग अकोल्याहून पौर्णिमाताईंचा फोन आला. पौर्णिमाताई ‘परिवर्तन विचार मंच’ चालवत. त्यांना वकीलसाहेबांचा सत्कार करायचा होता.

“जाणार तुम्ही?” चारुशीलाबाईंनी विचारलं.

“जाणार. आणि तुमचा सत्कार मला मान्य नाही, असं तोंडावर सांगणार.”

“नाही म्हणायला अकोल्यापर्यंत जायचं?”

“फोनवर नाही म्हटलं तर माझी भूमिका त्यांना कळणार कशी?”

चारुशीलाबाईंनी प्रवासासाठी दशम्या बांधून दिल्या.

अकोल्यात सभागृह भरलं होतं. हार-तुरे नव्हते. वकीलसाहेबांच्या हातात तुळशीचं रोप दिलं. तेवढं त्यांना बरं वाटलं. मग ते बोलायला उभे राहिले.

“मी तुमच्यातला नाही,” त्यांनी सुरुवात केली.

टाळ्या पडल्या.

“तुमची जवळजवळ सगळी मतं मला चुकीची वाटतात.”

आणखी जोरात टाळ्या. मागच्या रांगेतून कुणीतरी “वा!” म्हणालं.

“मी अभिमानानं परंपरावादी आहे, आणि मरेपर्यंत राहणार आहे!”

समोरचे एक गृहस्थ उभे राहिले आणि टाळ्या वाजवू लागले. वकीलसाहेबांचा पारा चढला. आयुष्यात न्यायाधीशानं झापलं होतं, विरुद्ध पक्षाच्या वकिलानं टोमणे मारले होते, पण असं कुणी त्यांना हरवलं नव्हतं. “कृपा करून टाळ्या वाजवू नका!” ते ओरडले. त्यावर तर सभागृह हसलं आणि टाळ्यांचा कडकडाट झाला. समारोप पौर्णिमाताईंनी केला. असहमतीचा इतका मोकळेपणा आजकाल दिसतो कुठे, असं त्या म्हणाल्या.

परतीच्या वाटेवर मूर्तिजापूर मागे पडलं. तुळशीचं रोप वकीलसाहेबांच्या मांडीवर होतं. कुलदीपनं विषय काढला.

“सर, तुमी तिथं शिव्या घातल्या असत्या, तरी त्यायनं टाळ्याच वाजवल्या असत्या.”

“मग मी बोललो त्याचं काय?”

“कोनी ऐकलं नाई. इकडच्यायले तुमी फितूर वाटता, तिकडच्यायले तुमी सापडलेलं सोनं वाटता.”

वकीलसाहेबांनी रोपाची माती बोटानं दाबली. मग म्हणाले, “कुलदीप, तिथं एवढे लोक भेटले. मंडप कुठल्या गावात आहे, हे एकानं तरी विचारलं का रे?”

कुलदीपनं आठवून पाहिलं. “नाई,” तो म्हणाला.

पुढच्या आठवड्यात देवीदासभाऊ स्वतः घरी आले. सोबत शाल, श्रीफळ, चार कार्यकर्ते आणि एक फोटोग्राफर. शाल घालून झाली, फोटो झाले. मग भाऊंनी सगळ्यांना अंगणात पाठवलं आणि आवाज खाली आणला.

“वकीलसाहेब, जिल्हा परिषदेचं इलेक्शन तोंडावर आहे. हा मंडप माह्या डोक्याले ताप झाला. मी तो ठेवतो. ग्रॅनाइट मागच्या बाजूले टाकतो, कमान रस्त्यावर घेतो. पन एक आहे.”

“काय?”

“मंडप राखायचा विचार पहिल्यापासून माहाच होता, असं मी सांगीन. ‘ठाम’चा गैरसमज झाला. तुमी त्याच्यावर काई बोलायचं नाई.”

“म्हणजे मी खोटं बोललो, असं ठरणार.”

“खोटं कोन म्हनते? गैरसमज. चांगला शब्द आहे. तुमाले नाई मान्य, तर मंग माह्या प्रतिष्ठेचा प्रश्न येते. पाडायची मशीन गावात उभीच आहे.”

चारुशीलाबाई पोहे घेऊन आल्या. वकीलसाहेबांनी त्यांच्याकडे पाहिलं. “भाऊ, लिंबू पिळा वरून,” एवढंच त्या म्हणाल्या.

वकिलीच्या दिवसांत वकीलसाहेबांनी कितीतरी पक्षकारांना समजावलं होतं : अहो, शेत पदरात पडतंय ना, मग भावाचा माफीनामा कशाला हवा? तेव्हा ते पक्षकार का खिन्न होऊन बघायचे, ते त्यांना आज समजलं.

“खांब, तुळया आणि वरचं छत,” ते म्हणाले. “तिन्ही राहिलं पाहिजे.”

“तिन्ही राहते.”

“आणि सोनेरी रंग लावायचा नाही.”

भाऊ विचारात पडले. “काई तं रंग द्या लागन ना. सुशोभीकरण आहे. चॉकलेटी?”

वकीलसाहेबांनी डोळे मिटले. “चॉकलेटी,” ते म्हणाले.

कुलदीपला हे कळलं तेव्हा तो खुर्चीवरून उठलाच. “सर, आमदार घरी आला अन् तोंड बंद ठेवा म्हनला! याच्याहून मोठा एपिसोड आपल्याले जलमात भेटत नाई!”

“तो करायचा नाही.”

“मंग आपन सोताले ‘ठाम’ काहून म्हनतो?”

वकीलसाहेबांकडे उत्तर होतं, पण ते द्यायला गेलं असतं तर फार लांबलं असतं, आणि त्याचा मथळाही झाला नसता. त्या आठवड्याचा भाग त्यांनी मराठी महिन्यांच्या नावांवर केला.

पुढे व्हायचं ते झालंच. देवीदासभाऊंनी भाषणात सांगितलं, की काही ज्येष्ठ मंडळींचा गैरसमज झाला होता, तो दूर झाला. ‘ठाम’च्या खाली लोकांनी लिहिलं, ‘पाकीट पोचलं वाटतं.’ पौर्णिमाताईंनी लिहिलं, ‘शेवटी तेही त्यांच्यातलेच निघाले.’ वकीलसाहेबांनी अकोल्यात हेच ओरडून सांगितलं होतं. आता कुठे पौर्णिमाताईंना ते पटलं.

कुलदीपनं महिनाभर वाट पाहिली आणि मग स्वतःचं चॅनेल काढलं. नाव ठेवलं, ‘लय ठाम’. पहिलाच भाग होता : ‘वकीलसाहेब गप्प का?’ चारुशीलाबाईंना फार राग आला. पोराला एवढे पोहे खाऊ घातले, असं त्या म्हणाल्या. वकीलसाहेबांनी तो भाग सुरुवातीपासून शेवटपर्यंत पाहिला. मधे एकदा त्यांनी चष्मा काढून पुसला. मग कुलदीपला फोन लावला.

“मुद्दे चांगले मांडलेस,” ते म्हणाले. “पण ‘प्रतिष्ठा’ म्हणताना घाई करतोस. जरा सावकाश म्हण.”

“हाव सर,” कुलदीप म्हणाला.

लोकार्पणाच्या दिवशी वकीलसाहेबांना आमंत्रण नव्हतं. पुंजाजींनी फोन केला म्हणून ते आणि चारुशीलाबाई गेले आणि मागे सतरंजीवर बसले. मंडप उभा होता. ऑइलपेंटचा वास नाकात जात होता. तुळयांखाली कोरलेले पोपट रंगाऱ्यानं स्वतःच्या मनानं हिरवेगार केले होते आणि चोची लाल. पुंजाजी अभिमानानं वर दाखवत म्हणाले, “पोपट कसे जित्ते वाटून राहिले, नाई?”

“वाटतात खरे,” वकीलसाहेब म्हणाले.

देवीदासभाऊंचं भाषण सुरू झालं. जुन्याचं जतन हा आपला लहानपणापासूनचा ध्यास आहे, असं ते सांगत होते. परंपरा म्हणजे काय, यावर त्यांनी आजोबांच्या पाठीचं वाक्य घेतलं आणि ते स्वतःच्या आजोबांच्या नावावर टाकलं. चारुशीलाबाईंनी नवऱ्याकडे तिरप्या नजरेनं पाहिलं. ते मान हलवून ऐकत होते. वाक्य त्यांना आवडलं होतं.

पार्वताबाई नावाची एक म्हातारी कमरेत वाकत आली, खांबाशी जागा पाहून बसली आणि खांबाला पाठ टेकणार, तोच वकीलसाहेब म्हणाले, “आजी, रंग ओला असेल.”

“असू दे ना, बाप्पा,” ती म्हणाली आणि टेकली.

गर्दीतून वाट काढत कुलदीप आला. हातात ‘लय ठाम’ लिहिलेला माइक होता. त्यानं आधी दोघांच्या पाया पडून घेतलं, मग माइक पुढे केला. “सर, दोन शब्द? आमदाराच्या भाषनावर?”

वकीलसाहेबांनी माइककडे पाहिलं. बोलायचं त्यांच्या अगदी ओठावर आलं होतं, हे चारुशीलाबाईंना दिसलं. समोर पंगतीसाठी पत्रावळी मांडणं सुरू झालं होतं.

“जेवलास का?” वकीलसाहेबांनी विचारलं.

“नाई अजून.”

“मग बंद कर ते. बस इथं.”

कुलदीपनं थोडा वेळ माइक तसाच धरून ठेवला. मग तो पिशवीत टाकला आणि वकीलसाहेबांच्या शेजारी मांडी घालून बसला.