अल्पाकांची पहिली कातरणी

डुमसकडच्या फार्महाऊसवर धर्मेंद्रभाईंनी हौसेने अल्पाकाच्या दोन तरण्या माद्या आणल्या. उंटासारखी मान, मेंढीसारखी लोकर. कुणी जवळ गेलं की लाथा झाडायच्या. उन्हाळा तोंडावर आला होता. सुरतेच्या दमट उकाड्यात ही लोकर अंगावर राहिली तर त्या टिकायच्या नाहीत, असं जनावरांचे डॉक्टर बजावून गेले.

मग कुणीतरी काशीबाईचं नाव काढलं. पांडेसऱ्यात साड्यांचे सुटे धागे कापणारी ही बाई साक्रीकडच्या मेंढपाळाची लेक. लहानपणी बापाच्या कळपात तिने ढिगाने मेंढ्या कातरल्या होत्या.

"तीन आठवडे द्या, शेठ," ती म्हणाली. "जनावराला आधी हात कळू द्यावा, मग कातरायचं मशीन."

पहिले चार दिवस ती गोठ्यात नुसती बसून राहिली. मग मानेला हात लावला, मग पाठीला. पोट आणि पाय सगळ्यात शेवटी. बंद मशीन अंगावरून फिरवलं. मग ते लांब चालू करून ठेवलं आणि रोज हातभर जवळ आणलं. धाकटी तपकिरी मादी त्या घरघरीने लटलट कापायची. सोळाव्या दिवशी मशीन तिच्या पाठीला टेकलं, तरी ती रवंथ करत उभी राहिली. काशीबाईला हुंदकाच फुटला. बापाची विद्या सुरतेत येऊन कामी आली होती.

दुसऱ्या दिवशी शेठकडे पाहुणे आले. सोबत दोन कातरणारे, हातात दोर.

"काशीबेन, आज सगळ्यांना दाखवून टाकू."

"शेठ, पाच दिवस थांबा. आत्ता बांधलंत तर केलेलं सगळं मातीत जाईल."

"पाहुणे पाच दिवस बसणार आहेत का? तू फक्त धर. तुझं ऐकतात त्या."

निघून जावं असं तिच्या मनात आलं. पण धरायला कुणी नसलं तर झटापटीत पातं कुठेही घुसेल. तिने हाक मारली, "ये व माय, ये."

धाकटी आली आणि तिच्या खांद्याला नाक लावून उभी राहिली. तेवढ्यात त्या दोघांनी तिचे मागचे पाय ओढून दोर आवळला. ती आडवी पडली, किंचाळली. पाहुण्यांनी मोबाइल वर धरले. काशीबाईने तिचं डोकं मांडीवर दाबून धरलं होतं. मागच्या पायाशी धाकटीचं कातडं कापलं गेलं तेव्हाही तिचे डोळे काशीबाईकडेच लागले होते.

"दहा मिनिटांत झालं!" शेठ हसले. "मग तू इतके दिवस काय करत होतीस?"

सकाळी ती मलम घेऊन गेली. धाकटीने कान मागे टाकले, कोपऱ्यात सरकली आणि तिच्या तोंडावर थुंकली. काशीबाई दुपारपर्यंत बसून राहिली. मग मलम वॉचमनच्या हाती देऊन निघाली.

पुढच्या उन्हाळ्यात शेठचा फोन आला. "त्या कुणालाच जवळ येऊ देत नाहीत. ये ना."

"बांधून कापा, शेठ," ती म्हणाली. "आपण त्यांना तेवढंच शिकवलंय."

फोन ठेवून ती परत कामाला बसली. त्या दिवशी धागे कापताना तिच्या कात्रीने तीन साड्यांचं कापडच कापलं गेलं.