आठवा हिस्सा

घर ही माणसाच्या आयुष्यातली सर्वात पवित्र गुंतवणूक असते. तिच्यात विटांपेक्षा विश्वास जास्त लागतो. हे वाक्य बँकेच्या माहितीपत्रकाच्या पहिल्या पानावर, एका हसऱ्या कुटुंबाच्या चित्राखाली छापलेलं होतं. पत्रकाचा कागद भारी होता, जाड आणि गुळगुळीत, त्यामुळे मेहुण्याच्या तोंडातून येणारं रक्त त्यानं अजिबात शोषून घेतलं नाही. शेवटी बहिणीला कापूस आणावा लागला.

हे रविवारी दुपारी सव्वा वाजता झालं. साडेबारापर्यंत सगळं प्रेमानं चाललं होतं.

ज्यांनी मारलं त्यांना आपण भाऊजीच म्हणू, कारण मार खाणारा मेहुणा त्यांना शेवटपर्यंत भाऊजीच म्हणत होता. भाऊजींचा धंदा पाडकामाचा. जुनी घरं, गोदामं, शाळांच्या भिंती, जे कुणाला नको झालं असेल ते भाऊजी चौरस फुटाच्या दरानं पाडून देत. या धंद्याचे दोन नियम आहेत. एक, पाडण्याआधी जे राखायचं त्याच्याभोवती खडूची रेघ मारायची. दोन, पाडलेल्यातून जे निघेल, म्हणजे दारं, चौकटी, सळ्या, नळ, ते पाडणाऱ्याचं. या दुसऱ्या नियमावर भाऊजींनी आठ वर्षांत साडेआठ लाख साठवले होते. बँकांवर त्यांचा विश्वास नसल्यामुळे ते पैसे हत्यारांच्या पेटीत, छिन्न्यांच्या खाली असत.

विश्वास नसूनही कर्ज मात्र बँकेचं होतं, आणि ते मिळवून दिलं होतं बायकोच्या धाकट्या भावानं. तो त्याच बँकेच्या कर्ज विभागात होता. घराची किंमत तीस लाख, कर्ज तीस लाख, मुदत पंचवीस वर्षं, व्याज नऊ टक्के, हप्ता पंचवीस हजार एकशे शहात्तर. भाऊजींच्या पदरचे पाच लाख नोंदणी, वकील आणि दलाल या तीन तोंडांत गेले होते. त्या वर्षी सर्वात जास्त कर्जं विकल्याबद्दल बँकेनं मेहुण्याला एक भिंतीवरचं घड्याळ दिलं. त्यानं ते मोठ्या मनानं बहिणीला भेट दिलं. आठ वर्षं ते पुढच्या खोलीत टिकटिकत होतं.

आता भाऊजींचं वय सत्तेचाळीस, आणि उजवा खांदा त्याहून बराच म्हातारा. हाडांच्या डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, "हातोडा असाच चालला तर पाच वर्षं. जपलंत तर सहा." भाऊजींनी घरी येऊन कागदावर हिशोब मांडला. भिंतीचं गणित त्यांना पक्कं ठाऊक होतं. शंभर घावांची भिंत असेल तर ऐंशी घाव घातल्यावर वीस उरतात. पहिला घाव आणि ऐंशीवा घाव भिंतीला सारखाच लागतो. तीस लाखांवर नऊ टक्के म्हणजे दोन लाख सत्तर हजार. दलाल जसा आपले दोन टक्के एकदाच घेतो तशी बँकही नऊ टक्के एकदाच घेणार. एकूण बत्तीस सत्तर. भरलेले चोवीस लाख सतरा हजार. उरले आठ लाख त्रेपन्न हजार. वरचे तीन हजार घरचा माणूस म्हणून मेहुणा सोडेल.

म्हणून रविवारी मेहुण्याला जेवायला बोलावलं होतं. पानं उचलल्यावर भाऊजींनी कापडी पिशवी त्याच्यापुढे ठेवली.

"घे. उद्या भरून टाक आणि पावती आण. संपवून टाकू."

"काय संपवू?"

"कर्ज. अजून काय, तुला?"

सगळे हसले. सासूबाई, म्हणजे बायकोची आणि मेहुण्याची आई, खाटेवरून मुलाला म्हणाल्या, "बघ, शीक काहीतरी. पंचवीस वर्षांचं काम आठ वर्षांत केलं माझ्या जावईबापूंनी."

मेहुण्यानं पिशवीत डोकावून पाहिलं, मग फोन काढला, काहीतरी दाबलं आणि भाऊजींपुढे धरला. "भाऊजी, बाकी सव्वीस लाख पंचवीस हजार सातशे साठ आहे."

"ते भरलेले असतील."

"नाही, भरायचे."

"मग भरलेले किती?"

"चोवीस लाख सतरा हजार."

"तिसातून चोवीस गेले की तुमच्या बँकेत किती उरतात?"

मेहुण्यानं समजावून सांगितलं. या कामाचा त्याला पगार मिळत असे, त्यामुळे त्यानं ते छान सांगितलं. हप्त्यातून आधी त्या महिन्याचं व्याज कापतात आणि उरेल ते मुद्दलात जातं. नऊ टक्के एकदा नाही, दर वर्षी, जेवढं मुद्दल उरलंय तेवढ्यावर. पहिल्या हप्त्यातले साडेबावीस हजार व्याजात गेले आणि दोन हजार सहाशे शहात्तर मुद्दलात. सुरुवातीची वर्षं अशीच जातात. पंचवीस वर्षांत एकूण साडेपंचाहत्तर लाख भरावे लागतात, हेही कागदावर आहे, पान अकरा.

"साडेपंचाहत्तर," बायको म्हणाली. ती एका दवाखान्यात परिचारिका होती आणि आकडे ऐकून घाबरायची तिला सवय नव्हती. "म्हणजे अडीच घरं."

"आणि आठ वर्षांत मी काय पाडलं?" भाऊजींनी विचारलं.

"मुद्दलातले पावणेचार लाख. म्हणजे आठवा हिस्सा."

"त्यांना चौरस फुटात सांग रे," सासूबाई म्हणाल्या. "त्यांना फुटातलं कळतं."

"घर सहाशे चाळीस फूट. आठवा हिस्सा ऐंशी."

सासूबाईंनी मान वळवून स्वयंपाकघराकडे पाहिलं. "आठ बाय दहा. बरोबर तेवढंच आहे. आणि माझी खाट?"

"ती बँकेत आहे, आई."

या विनोदाला कुणी हसलं नाही. भाऊजींनी अगदी हळू आवाजात विचारलं, "हे तू मला तेव्हा का नाही सांगितलंस?"

"पान अकरा, भाऊजी. खाली सही तुमचीच आहे. पण ऐका, एक उपाय आहे. हे साडेआठ लाख आत्ताच्या आत्ता जर—"

भाऊजींची उजवी मूठ 'जर' या शब्दावर पोचली. मेहुणा खुर्चीसकट मागे गेला, खुर्चीचा पाय मोडला, आणि भाऊजींनी त्याला कॉलरला धरून उभं करून पुन्हा मारलं, या वेळी खालून वर. आवाज फरशी तडकल्यासारखा आला. भाऊजींचा कान धंद्यातला होता. तडा आतपर्यंत गेलाय हे त्यांना ऐकूनच कळलं.

"डोक्यात नको," सासूबाई ओरडल्या. "डोक्यावरच पगार आहे त्याचा."

मेहुणाही अगदीच बँकवाला नव्हता. तो रांगत स्वयंपाकघरात गेला, ओट्यावरचा लोखंडी तवा उचलला आणि मागून आलेल्या भाऊजींच्या कानशिलावर आडवा घातला. भाऊजींचा कान वरून फाटला. दोघं ओट्याला धडकले, भांड्यांची मांडणी अंगावर आली. मेहुण्याला चावायचं होतं, पण जबडा मिटत नव्हता, म्हणून त्यानं अंगठा भाऊजींच्या डोळ्यात घातला. भाऊजींनी तो अंगठा पकडून उलटा वळवला. बायकोनं दोघांवर बादलीभर पाणी ओतलं. त्यानं काही थांबलं नाही, फक्त रक्त सगळीकडे पसरलं.

मग भाऊजी आपणहून थांबले. एका डोळ्यानं त्यांनी सभोवार पाहिलं आणि म्हणाले, "इथं नको. हे आपलं आहे."

त्यांनी मेहुण्याला काखेत धरून बाहेरच्या खोलीत नेलं, सोडून दिलं आणि हत्यारांची पेटी उघडली. आधी खडू काढला. स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर, मग दोन्ही बाजूंच्या भिंतींवर त्यांनी सरळ, ठळक रेघ मारली. मग बारा पौंडी हातोडा घेतला.

"अहो," बायको म्हणाली. "काय करताय?"

"बँकेचं पाडतोय. आईंना आणि ह्याला रेघेच्या आत घे."

पहिला घाव घड्याळावर पडला. काचा मेहुण्याच्या केसांत उडाल्या. दुसऱ्या घावाला भिंतीत डोक्याएवढं भोक पडलं, सहाव्याला त्यातून झोपायची खोली दिसायला लागली, पंधराव्याला भिंत कमरेतून वाकली आणि कपाटावर कोसळली. भाऊजींनी छताचे खांब सोडले. रागात असले तरी ते शिकाऊ नव्हते. चौकट मात्र त्यांनी मुळासकट उपटली आणि नियमाप्रमाणे बाजूला ठेवली. मग खिडकी, गजांसकट. मग न्हाणीघर. तिथे नळाची वाहिनी फुटली आणि पाणी छतापर्यंत उडायला लागलं. भाऊजींच्या कानातलं रक्त पाण्यात मिसळून शर्टावरून खाली वाहत होतं. इथून पुढे प्रत्येक घावाबरोबर ते मोठ्यानं आपल्या वयाचं एकेक वर्ष मोजत होते. अठ्ठेचाळीस. एकोणपन्नास. पन्नास. कर्ज संपेल तेव्हाचं वय चौसष्ट होतं.

बायको रेघेच्या आत बसून भावाचा जबडा पट्टीनं डोक्याला बांधत होती. भाऊ बसत नव्हता. तो सारखा पैशांच्या पिशवीकडे बोट दाखवत होता, मग पडत्या भिंतीकडे, मग पुन्हा पिशवीकडे, आणि घशातून काहीतरी काढत होता.

"ऊ... अल... आ... आ," तो म्हणाला.

"काय म्हणतोय?" भाऊजींनी धुळीतून विचारलं.

"पैसे दाखवतोय," सासूबाई म्हणाल्या.

"अजून पैसे हवेत त्याला," भाऊजी म्हणाले आणि अर्धी वीट भिरकावली. ती मेहुण्याच्या गुडघ्यावर बसली. मेहुण्यानं बोट दाखवणं बंद केलं.

साठाव्या वर्षापाशी बायको उठली. ती पाण्यातून, विटांवरून चालत नवऱ्याच्या मागे गेली. बारा वर्षं ती त्या खांद्याला मालिश करत आली होती. कुठं बोट ठेवल्यावर हा माणूस झोपेतसुद्धा कण्हतो हे तिला ठाऊक होतं. भाऊजींनी हातोडा डोक्यावर नेला तेव्हा तिनं उजवा अंगठा तिथं खुपसला आणि वळवला. आत काहीतरी सुटलं. हातोडा मागच्या मागे पडला. भाऊजी गुडघ्यांवर आले, मग तोंडावर, आणि त्यांनी पाण्यात ओकारी केली.

"पुरे," ती म्हणाली. "दोघांनाही मलाच शिवायचंय."

तिनं दोघांनाही स्वयंपाकघरात, खडूच्या रेघेच्या आत शिवलं. भाऊजींच्या कानाला सात टाके, मेहुण्याच्या ओठाला नऊ. जबडा आणि खांदा तिच्या हाताबाहेरचे होते, ते मोठ्या दवाखान्यात न्यावे लागले.

बँकेला ही बातमी मेहुण्यानंच कळवली. कळवली नसती तर नोकरी गेली असती. जबडा तारांनी बांधलेला असल्यामुळे त्यानं लेखी कळवलं, उजव्या हाताचा अंगठा मोडल्यामुळे डाव्या हातानं. चौथ्या दिवशी मोजपट्टी घेऊन एक अधिकारी आला. त्यानं बूट वाचवत सगळं घर मोजलं, आणि रेघेपाशी थांबून विचारलं, "एवढंच का ठेवलं?"

"एवढं माझं आहे," भाऊजी म्हणाले. त्यांचा हात गळ्यात बांधलेला होता.

अधिकाऱ्यानं कागदात पाहिलं. "नाही हो. तारण पूर्ण घर आहे. शेवटचा हप्ता जाईपर्यंत यातलं एक फूटही तुमच्या एकट्याचं नाही. आणि कर्ज तर तुमच्या नावावर आहे. घर पडलं म्हणून ते पडत नाही." त्यानं हे अगदी सहज सांगितलं, जसं लोक पत्ता सांगतात. मग नोटीस दिली: तीस दिवसांत घर स्वखर्चानं पूर्ववत करावं, अन्यथा संपूर्ण बाकी एकरकमी वसूल केली जाईल.

दुरुस्तीला पाच लाख नव्वद हजार लागले. मेहुण्याच्या जबड्याला एक लाख ऐंशी, भाऊजींच्या खांद्याला ऐंशी. बायकोनं पिशवी उलटी करून झटकली. भंगार विकायचं राहिलं, कारण चौकट आणि खिडकी परत तिथंच बसवावी लागली. खांद्याच्या डॉक्टरांनी या वेळी वर्षं सांगितली नाहीत. "हलकं काही बघा," एवढंच म्हणाले.

सहा आठवड्यांनी मेहुण्याच्या तारा निघायच्या होत्या. त्याच्या आदल्या रविवारी तो जेवायला आला, म्हणजे नळीनं प्यायला आला. घराला ओल्या सिमेंटचा वास येत होता. नव्या भिंतीवर घड्याळाच्या जागी काही लावलेलं नव्हतं. मग मेहुण्यानं खिशातून चौघडी घातलेला कागद काढून भाऊजींपुढे सरकवला. भाऊजींनी तो डाव्या हातानं उघडला आणि बायकोला वाचायला दिला.

"भाऊजी," बायकोनं वाचलं, "त्या दिवशी सांगायचं राहिलं. साडेआठ लाख तेव्हा सरळ मुद्दलात भरले असते तर हप्ता तेवढाच ठेवून सतरा वर्षांची साडेआठ झाली असती. साडेसतरा लाख व्याज वाचलं असतं."

"मग बोलला का नाही?" सासूबाई म्हणाल्या.

भाऊजींनी कागद परत घेतला, पुन्हा चार घड्या घातल्या आणि हत्यारांच्या पेटीत, छिन्न्यांच्या खाली ठेवला. मग त्यांनी मेहुण्याच्या हातातला पेला घेऊन त्यात आणखी दूध ओतलं आणि नळी सरळ करून दिली.

पाच तारखेला हप्ता कापला गेला. त्यातले साडेपाच हजार मुद्दलात गेले.