राखीचा ढावलो

देवीलाल राठोड यांनी तंत्रनिकेतनात एकतीस वर्षे इलेक्ट्रॉनिक्स शिकवले. निवृत्तीनंतर ते आर्णीजवळच्या आपल्या तांड्यावरचे आवाज मुद्रित करू लागले. शिस्त अशी की, आवाज कोणाचा, केव्हाचा, कोणत्या प्रसंगाचा, याची नोंद वहीत व्हायचीच. बैलांच्या पाठीवर मीठ वाहणाऱ्या घराण्यातल्या म्हाताऱ्या लखीरामवर माहितीपट करायला त्यांची जुनी विद्यार्थिनी सुरभी आली, तेव्हा त्यांनी वहीसकट सारे तिच्या हवाली केले. त्यात लखीरामच्या नातीचा, राखीचा, ढावलोही होता. सासरी निघालेली नवरी एकेका नातलगाच्या गळ्यात पडून जे गात रडते, तो ढावलो. राखीची अट एकच होती : "काका, लग्नाचं रडणं लग्नातच दाखवजा." देवीलालांनी शब्द दिला होता.

काम संपल्यावर सुरभीने वही आणि मुद्रणे परत केली. माहितीपट तांड्यावर दाखवला तो समाजमंदिराच्या खिडक्यांना चादरी लावून. राखीही माहेरी आली होती. शेवटी पडद्यावर लखीराम डोळे मिटून बाजेवर पडलेला दिसला. सुरभीने त्याची दुपारची झोप टिपली होती. मग तीच बाज रिकामी. आणि त्यावर राखीचा ढावलो.

बायांचे पदर तोंडाशी गेले. पहिल्या रांगेतून खुद्द लखीराम ओरडला, "अबे, मी कवा मेलो? मले कोनी सांगतलं बी नाही!" हशा पिकला. राखी मात्र उठून बाहेर गेली.

देवीलालांना वाटले, संकलनात चूक झाली असेल; परक्या कानाला रडणे म्हणजे रडणेच. त्यांनी सुरभीला बाजूला घेऊन वही उघडली. "'राखी, सासरी निघताना, आजोबांच्या गळ्यात.' हे वाचलं नव्हतंस?"

"वाचलं होतं, सर." सुरभीने नजर चुकवली नाही. "नोंद होती म्हणूनच तर सापडला. बाहेरच्यांना फरक कळणार नाही."

"काढून टाक."

"आता नाही होत. महोत्सवाला गेलाय. तुमचं नाव मोठ्या अक्षरांत आहे, सर."

चूक असती तर देवीलालांनी पोटात घातली असती. आवाज श्वास संपतो तिथेच कापावा, हे तिला त्यांनीच शिकवले होते. आणि तिने तो तसाच कापला होता. सांधा कुठे ऐकूच येत नव्हता.

राखी त्यांच्या ओसरीवर बसली होती. "त्या पोरीनं माह्या रडण्यानं जिता आजा मारला, काका. अन् माह्यं रडणं तिले देल्लं कोनं?"

"मी देल्लं, बाई."

"मंग पुसून टाका. माह्यासमोर."

देवीलालांनी आजवर एकही आवाज पुसला नव्हता. हा पुसला तर लग्नातला खरा ढावलो कुठेच उरणार नव्हता. सुरभीचा खोटा मात्र गावोगाव वाजत राहणार होता. त्यांनी हे राखीला सावकाश, वर्गात समजावावे तसे, समजावून सांगितले.

"समजते मले," ती म्हणाली. "पुसा."

त्यांनी मूळ मुद्रण आणि त्याची जपून ठेवलेली प्रत, दोन्ही पुसले. राखीने शेवटपर्यंत पाहिले, पदर सारखा केला आणि आज्याला जेवायला बोलवायला निघून गेली.